लॉन चेनी : नाटक कंपनीतून मूकपटात – वारंवार विचारले जाणारे प्रश्न

लॉन चेनी म्हणजे नक्की कोण?

अमेरिकन मूकपटांच्या काळातला सगळ्यात मोठा चरित्र अभिनेता. जन्म १ एप्रिल १८८३, कोलोरॅडो स्प्रिंग्ज. मृत्यू २६ ऑगस्ट १९३०, लॉस एंजेलिस. ‘द हंचबॅक ऑफ नोत्र दाम’ (१९२३) मधला क्वासिमोडो आणि ‘द फँटम ऑफ द ऑपेरा’ (१९२५) मधला एरिक या दोन चेहऱ्यांमुळे त्याचं नाव टिकलं. ‘हजार चेहऱ्यांचा माणूस’ ही बिरुदावलीही त्याचीच. त्यामुळे लोकांचे बहुतेक प्रश्न चेहऱ्यांभोवतीच फिरतात. आमच्या मते खरा ऐवज आहे तो अकरा वर्षं फिरत्या नाटक कंपन्यांत घासून निघालेल्या शरीराचा. रंग त्यावर शेवटी चढायचा.

आई-वडील दोघंही कर्णबधिर होते, हे खरं का? त्याचा अभिनयाशी काय संबंध?

खरं आहे. वडील फ्रँक न्हावी होते. आईचे वडील जोनाथन केनेडी यांनी १८७४ साली कोलोरॅडोत कर्णबधिर मुलांसाठी शाळा काढली होती. घरात बोलणं हातांनीच चालायचं. चेनी चौथीत असताना आई संधिवाताने अंथरुणाला खिळली आणि तिच्या शुश्रूषेसाठी त्याची शाळा सुटली ती सुटलीच. दिवसभरात गावात काय घडलं, कोण कसं चालतं, कोण कुणाशी भांडलं, हे सगळं तो आईला हातवारे आणि चेहऱ्याने करून दाखवायचा.

यावरून ‘कर्णबधिरांचं मूल म्हणून आपोआप मूकपटाचा नट झाला’ असं लिहायची पद्धत आहे. इतकं सरळ नसतं ते. पण एक गोष्ट पडद्यावर स्पष्ट दिसते. त्या काळचे बरेच नट हात हवेत फेकून भावना ‘दाखवतात’. चेनीचे हात मात्र वाक्य बोलतात: सुरुवात, मधला ठेहराव, शेवट. ‘फँटम’मध्ये मुखवटा घातलेला असताना बराच वेळ त्याच्याकडे हात आणि मान एवढंच शिल्लक असतं. तो भाग पाहताना नजर फक्त बोटांवर ठेवा. बोट उचलून तो थांबतो, मग मनगट वळतं, आणि खांदा सगळ्यात शेवटी हलतो. ज्या घरात हातांनी बोलतात तिथे हा क्रम ओळखीचा असतो.

नाटकात त्याने किती वर्षं काढली आणि काय काम केलं?

लहान वयातच कोलोरॅडो स्प्रिंग्जच्या ऑपेरा हाउसमध्ये तो सामान लावणारा पोऱ्या होता. मधल्या काळात पाईक्स पीकच्या डोंगरावर वाटाड्या झाला, भिंतींना कागद चिकटवले, गालिचे अंथरले. एप्रिल १९०२ मध्ये मोठा भाऊ जॉन याच्याबरोबर ‘द लिटल टायकून’ या हौशी संगीत नाटकात तो रंगमंचावर आला. तिथून १९१३ पर्यंत फिरती सुरू होती.

‘स्टेज अ‍ॅक्टर’ म्हटल्यावर डोळ्यांपुढे शोकांतिकेतला गंभीर नट येतो. चेनी होता संगीत विनोदी नाटकांतला नाच्या आणि विनोदी नट. शिवाय नाच बसवायचे, रंगमंच व्यवस्थापन सांभाळायचं, कपडेपट बघायचा आणि पुढच्या गावी सामान वेळेवर पोचवायचं. आपल्याकडच्या जुन्या नाटक कंपन्यांचा संसार ज्यांना माहीत आहे त्यांना हे वेगळं सांगायला नको: ट्रंका, रेल्वेचं वेळापत्रक, आज या गावी आणि उद्या त्या गावी, आणि ज्याचा चेहरा त्यानेच रंगवायचा.

शेवटची गोष्ट महत्त्वाची. छोट्या कंपनीला वेगळा रंगभूषाकार परवडत नसे. एका खेळात तीन भूमिका असल्या की दोन प्रवेशांच्या मधल्या पाच-सात मिनिटांत म्हाताऱ्याचा शिपाई व्हायचं. त्यामुळे कुठली गोष्ट चेहऱ्यावर लवकर बसते, कुठली लवकर निघते आणि घामाने काय सुटतं, याचं ज्ञान हाताला झालं. पुढे स्टुडिओत त्याला तीन-चार तास मिळायला लागले तेव्हा ही शिदोरी कामी आली.

चालू नाटक सोडून तो सिनेमात का आला?

हौसेने नाही, नाइलाजाने. १९०५ मध्ये ओक्लाहोमा सिटीत त्याची क्लीवा क्रेटन या तरुण गायिकेशी गाठ पडली, लग्न झालं आणि १० फेब्रुवारी १९०६ रोजी मुलगा क्रेटन जन्मला. संसार विस्कटत गेला. ३० एप्रिल १९१३ ला लॉस एंजेलिसच्या मॅजेस्टिक थिएटरमध्ये कोल्ब आणि डिल या विनोदी जोडीचा खेळ चालू होता आणि चेनी त्याचं व्यवस्थापन पाहत होता. तिथेच क्लीवाने मर्क्युरिक क्लोराइड पिऊन जीव द्यायचा प्रयत्न केला. ती वाचली, पण गाण्याचा गळा कायमचा गेला. बोभाटा झाला आणि नाटकाच्या धंद्यात चेनीला उभं करायला कुणी तयार होईना. १९१४ मध्ये घटस्फोट झाला. १९१५ मध्ये त्याने नाटक कंपनीतल्याच हेझल हेस्टिंग्जशी लग्न केलं आणि मुलाला घरी आणलं.

गावातच युनिव्हर्सलचा स्टुडिओ होता आणि तिथे रोजंदारीवर नट लागत. नाटकवाले तेव्हा सिनेमाला कमी लेखत, पण पोटाचा प्रश्न होता. गंमत म्हणजे तेच १९१३ साल, मे महिन्यात गिरगावच्या कॉरोनेशनमध्ये ‘राजा हरिश्चंद्र’ लागला होता.

युनिव्हर्सलमध्ये सुरुवातीला काय मिळालं?

एक-दोन रिळांचे छोटे चित्रपट आणि मिळेल ती भूमिका: खलनायक, म्हातारा, जुगारी, कुबडा. ठरलेल्या नटाला जी दाढी-मिशी जमत नसे ती याला जमायची, म्हणून हाक यायची. जो डी ग्रास आणि आयडा मे पार्क या दिग्दर्शक जोडप्याने त्याला सातत्याने चांगल्या भूमिका दिल्या. १९१५ मध्ये काही लघुपट त्याने स्वतः दिग्दर्शितही केले.

१९१८ मध्ये त्याने आठवड्याला १२५ डॉलर आणि पाच वर्षांचा करार मागितला. स्टुडिओच्या व्यवस्थापकाने ऐकवलं की आठवड्याला १०० डॉलरपेक्षा जास्त तुझी किंमत कधी होणार नाही. चेनी बाहेर पडला. काही आठवडे काम नव्हतं. मग विल्यम एस. हार्टच्या ‘रिडल गॉन’मध्ये खलनायकाची भूमिका मिळाली आणि गाडी रुळावर आली. पाच वर्षांनी तोच युनिव्हर्सल स्टुडिओ त्याला क्वासिमोडोसाठी आठवड्याला २,५०० डॉलर मोजत होता.

नाव मोठं कशाने झालं?

‘द मिरॅकल मॅन’ (१९१९) मधल्या ‘बेडूक’ नावाच्या ठकसेनाने. हा माणूस पांगळ्याचं सोंग घेतो आणि एका साधुपुरुषापुढे ‘बरा’ होतो: वाकडे हातपाय एकेक करून सुटतात, कणा सरळ होतो, आणि सगळं लोकांच्या डोळ्यांदेखत. इथे ना चेहऱ्याला आकार देणारी पुटी आहे ना मेण. जे दिसतं ते सांध्यांचं आणि स्नायूंचं काम, म्हणजे नाचाच्या तालमीतून आलेलं. चित्रपट हरवलाय, जे काही मिनिटांचे तुकडे उरलेत त्यात सुदैवाने हा प्रसंग आहे.

‘चरित्र अभिनेता’ असून तो एवढा मोठा स्टार कसा?

चरित्र अभिनेता म्हणजे जो स्वतःचा चेहरा विकत नाही, भूमिकेचा विकतो. सहसा त्याचं नाव पाटीवर तिसरं-चौथं येतं. चेनीचं पहिलं येऊ लागलं, कारण ‘या वेळी कसा दिसणार’ हेच तिकीट खिडकीचं आकर्षण बनलं. ‘फँटम’च्या जाहिरातीत तर त्याचा उघडा चेहरा मुद्दाम दाखवला नव्हता. किडा दिसला तरी त्यावर पाय देऊ नका, तो लॉन चेनी असू शकेल, असा विनोद तेव्हा प्रचलित होता. मुलाखती तो टाळायचा आणि म्हणायचा की दोन चित्रपटांच्या मध्ये लॉन चेनी नावाचं कुणी नसतंच. सुट्टी लागली की सिएरा नेवाडातल्या डोंगरात मासे धरायला पसार.

त्याच्या रंगभूषेच्या पेटीत काय असायचं?

पेटी लॉस एंजेलिसच्या नॅचरल हिस्ट्री म्युझियममध्ये आहे. त्यातलं सामान त्या काळच्या कुठल्याही फिरत्या नटाकडे असायचं. वापर तेवढा त्याचा.

ग्रीजपेंटच्या कांड्या: चरबीत किंवा मेणात घोटलेला रंग. तळहातावर ऊब देऊन मऊ करायचा आणि मग लावायचा.

नाकाची पुटी आणि मेण. नाकाचा बांधा, हनुवटी, भुवईचं हाड यासाठी. जिथे त्वचा हलते (ओठांचे कोपरे, गाल) तिथे चालत नाही, तडे जातात.

कापूस आणि कोलोडियन. याबद्दल खाली सविस्तर.

फिशस्किन नावाची पातळ, अर्धपारदर्शक, चिवट पट्टी. स्पिरिट गमने (त्वचेवर लावायच्या डिंकाने) चिकटवून ती ओढली की डोळ्याचा कोपरा किंवा नाकाचा शेंडा हवा तिकडे वळतो. दुसरं टोक टोपाखाली लपतं.

क्रेप केस. वेणी घातलेले येतात, त्यामुळे कुरळे. ओले करून किंवा वाफ देऊन सरळ केल्याशिवाय लावले तर दाढी मेंढीसारखी दिसते.

गटापर्चा, म्हणजे रबरासारखा एक झाडाचा चीक. यापासून तो खोट्या दातांच्या कवळ्या करायचा. कवळीमुळे ओठ पुढे येतात, जबडा बदलतो, म्हणून अर्धा चेहरा आतूनच तयार होतो.

एन्सायक्लोपीडिया ब्रिटानिकाच्या चौदाव्या आवृत्तीत (१९२९) सिनेमाच्या रंगभूषेवरची नोंद चेनीच्या नावाने आहे. चौथीत शाळा सुटलेल्या माणसाच्या दृष्टीने ही थोडीथोडकी गोष्ट नाही.

कापूस-कोलोडियनची पद्धत नेमकी काय? एकांकिकेसाठी वापरता येईल का?

हा प्रश्न स्पर्धांच्या मोसमात हमखास येतो. आधी पद्धत सांगतो, मग सावधगिरी.

कोलोडियन म्हणजे ईथर आणि अल्कोहोलमध्ये विरघळवलेलं नायट्रोसेल्युलोज. हवा लागली की उडून जातं आणि मागे पातळ, चकचकीत कातडी उरते. दोन प्रकार असतात. लवचीक प्रकारात एरंडेल आणि कापूर मिसळलेला असतो. तो आकार धरतो पण त्वचेला फार ओढत नाही. कडक प्रकार सुकताना आकसतो आणि त्वचेला सुरकुती पाडतो, म्हणून जखमेचा जुना व्रण दाखवायला वापरतात. गालफड उंच करायचं असेल तर लवचीकच लागतो.

क्रम असा. त्वचा धुऊन, पुसून, तेलकटपणा काढून घ्या. दाढी केलेलीच हवी. जिथे उंचवटा हवा तिथे स्पिरिट गमचा पातळ थर द्या आणि कोरड्या बोटाने टपटप करत राहा. तार सुटायला लागली की कापूस ठेवायची वेळ झाली. कापूस पिंजून अगदी विरळ पदर काढा, एकावर एक तीन-चार पदर बसवा. मध्ये जाड, कडेला जवळजवळ काहीच नाही. मग ब्रशने कोलोडियन वरून मध्यापासून कडेकडे. पूर्ण सुकू द्या. आणखी उंची हवी असेल तर पुन्हा कापूस, पुन्हा कोलोडियन. शेवटी ग्रीजपेंट, त्यावर पावडर.

बिघडतं कुठे? सगळ्यात जास्त कडांना. कापूस कात्रीने कापला तर कड सरळ येते आणि पहिल्या रांगेतूनही शिवण दिसते. कापूस नेहमी बोटांनी ओढून तोडायचा. एकाच वेळी जाड गोळा बसवला तर वरचा थर सुकतो, आत ओलं राहतं आणि दुसऱ्या प्रवेशात सगळं सरकतं. घाम आला की कड सुटते. सुटलेली कड पुन्हा कोलोडियनने बंद करायचा मोह होतो, पण ओल्या त्वचेवर ते धरत नाही. आधी टिपून कोरडं करा, गम लावा, दाबा. पावडर विसरलात तर दिव्याखाली गाल चमकतो आणि प्लास्टिकचा वाटतो.

आता सावधगिरी. ईथरची वाफ झटकन पेट घेते. रंगपटात उदबत्ती, निरांजन, सिगारेट काहीही नको, खिडकी उघडी हवी. पूजा आधी, कोलोडियन नंतर, आणि मधे ज्योत विझलेली असावी. डोळ्यांभोवती कोलोडियन अजिबात नको. आदल्या दिवशी कोपराच्या आतल्या बाजूला थेंबभर लावून पाहा. लाल झालं तर विषय संपला. काढताना ओरबाडू नका, रिमूव्हर जिरू द्या. आजचा आमचा सल्ला विचाराल तर गालासाठी लिक्विड लेटेक्स आणि कापूस वापरा. आकार तोच येतो, धोका कमी (लेटेक्सची अ‍ॅलर्जी नसल्याची खात्री मात्र करा). कोलोडियन एखाद्या व्रणापुरतं ठेवा.

जुन्या मूकपटांत नटांचे चेहरे पांढरे आणि ओठ काळे का दिसतात?

फिल्ममुळे. त्या काळची ऑर्थोक्रोमॅटिक फिल्म निळा आणि हिरवा प्रकाश पकडायची, लाल तिला दिसायचाच नाही. लाल लिपस्टिक काळी उमटायची. त्वचेतला तांबूसपणा डागासारखा दिसायचा, म्हणून जाड फिका थर द्यावा लागे. निळे डोळे पांढरेफटक पडत. १९२६च्या पुढे सगळे रंग पकडणारी पँक्रोमॅटिक फिल्म रुळली, आणि पाठोपाठ निळसर कार्बन दिव्यांच्या जागी पिवळसर टंगस्टन दिवे आले. जुने रंग एका रात्रीत निकामी झाले.

चेनीने दोन्ही फिल्मवर काम केलं. ऑर्थोवर लालसर-तपकिरी रेघ ओढली की खोल खड्डा मिळतो, तीच रेघ पँक्रोवर नुसती मळकट. त्यामुळे त्याचं छायाचित्र पाहून ‘हा रंग वापरला असणार’ असं ठरवू नका. आधी साल बघा, मग फिल्म.

‘फँटम’चा चेहरा कसा बनवला होता?

कवटीचा भास हवा होता. नाकाचा शेंडा फिशस्किनच्या पट्टीने वर ओढून बांधला, पट्टी वर टकलाच्या टोपाखाली नेली. नाकपुड्यांच्या आत आणि कडेला काळा रंग भरला, म्हणजे भोकं मोठी दिसतात. डोळ्यांखाली गडद छाया आणि खालच्या पापणीच्या कडेला उजळ रेघ. त्यामुळे डोळे खोबणीत गेल्यासारखे आणि तरी बाहेर आलेले. गालाची हाडं कापूस-कोलोडियनने उंच केली. कवळीने ओठ मागे खेचले. कान डोक्याला चिकटवले.

नाकात तारा घातल्या होत्या आणि त्यांमुळे रक्त यायचं, असं कॅमेरामन चार्ल्स व्हॅन एन्गर सांगत असे. पण निम्मं काम रंगाचं आहे, आणि उरलेल्यातला बराच वाटा दिव्याचा. तोच चेहरा सपाट उजेडात उभा केला तर एवढा दचकवत नाही.

क्वासिमोडोची कुबड ७० पौंडांची होती म्हणे?

प्रसिद्धी खात्याची करामत. आकडा दरवेळी वाढत गेला. चेनीवर बारकाईने काम केलेल्या चरित्रकाराच्या हिशेबाने प्लॅस्टरची कुबड साधारण २० पौंडांची, म्हणजे नऊ किलोच्या आसपास. आम्हाला तोच आकडा पटतो. पडद्यावर हा माणूस नोत्र दामच्या उभारलेल्या भिंतीवर चढ-उतार करतो. (अवघड चढाईला बदली माणूसही होता.) ३० किलो पाठीवर घेऊन असं वाकून चालणं दिवसभर शक्य नाही, गोणी उचलणाऱ्या कुणालाही विचारा. नऊ किलो पट्ट्यांनी बांधून रोज साडेतीन तास रंगभूषा आणि वर चित्रीकरण, हेही कमी नाही. दंतकथेची गरजच नव्हती.

‘द पेनल्टी’मध्ये पाय कसे नाहीसे केले?

१९२०चा चित्रपट, दोन्ही पाय कापलेला गुन्हेगारांचा म्होरक्या. चेनीने पाय मागे दुमडून पोटऱ्या मांड्यांना चामडी पट्ट्यांनी घट्ट बांधल्या आणि गुडघे दोन बादलीसारख्या खोळींत ठेवले. त्यावर लांब, ढगळ कोट, म्हणजे मागची पावलं झाकली जातात. तो गुडघ्यांवर चालतो, खुर्चीवर चढतो, उडी मारून उतरतो.

डॉक्टरांनी एका वेळी दहा मिनिटांपेक्षा जास्त नको सांगितलं होतं, कारण दुमडलेल्या पायात रक्त अडतं. तो कधीकधी जास्त वेळ थांबायचा आणि रक्तवाहिन्या फुटायच्या. कुणी हे करून पाहायच्या भानगडीत पडू नये. पाय बधिर झाल्यावर पट्टी सोडताना जी कळ येते ती तर सोडाच, पण गुठळी झाली तर जिवावर बेतेल.

‘द अननोन’ (१९२७) मधला हात नसलेला अलोन्झोही असाच. तिथे पायांनी सिगारेट पेटवणं, चाकू फेकणं यातली अवघड कामं पॉल डेसम्यूक या खरोखर हात नसलेल्या कलावंताची आहेत: चेहरा चेनीचा, चौकटीच्या खालचे पाय त्याचे. जोड इतकी बेमालूम आहे की माहीत असूनही पकडता येत नाही. त्याचं नाव या संदर्भात घेतलं जात नाही, ते घ्यायला हवं.

त्याने केलेल्या चिनी भूमिका आज कशा पाहायच्या?

‘शॅडोज’ (१९२२) आणि ‘मिस्टर वू’ (१९२७) या त्यातल्या मोठ्या. कारागिरी बघायची तर ‘मिस्टर वू’ बघावा: नाकपुड्या रुंद करायला आत सिगार-होल्डरची टोकं, डोळ्यांना फिशस्किन, लांब नखं रंगवलेल्या फिल्मच्या पट्ट्यांची, चार ते सहा तासांचं काम. पण मोठ्या भूमिकेत चिनी माणूस उभा करायचा तर गोरा नटच, हा त्या धंद्याचा नियम होता आणि चेनी त्याचा लाभार्थी होता. दोन्ही गोष्टी एकाच वेळी खऱ्या आहेत. ‘शॅडोज’मध्ये निदान माणूस दिसतो, काही ठिकाणी फक्त पोशाख दिसतो.

रंगभूषेशिवाय काही केलं का?

केलं, आणि आमच्या मते ते आधी पाहावं. ‘टेल इट टू द मरीन्स’ (१९२६) मध्ये तो सार्जंट ओहारा आहे, स्वतःच्या राकट चेहऱ्याने. मरीन दलाला तो इतका आवडला की त्याला मानद मरीन केलं, आणि अंत्यविधीला दलाने धर्मगुरू आणि मानवंदनेची तुकडी पाठवली.

दिग्दर्शक टॉड ब्राउनिंगबरोबर किती चित्रपट?

दहा, १९१९ ते १९२९. त्यांतल्या ‘द अनहोली थ्री’ (१९२५), ‘द अननोन’ आणि ‘वेस्ट ऑफ झांजिबार’ (१९२८) हे तीन चुकवू नका.

बोलपट आल्यावर काय झालं?

तो बराच काळ अडून राहिला. हजार चेहऱ्यांच्या माणसाला एकच आवाज असला तर सोंग उघडं पडणार, ही भीती रास्त होती. अखेर १९३० मध्ये ‘द अनहोली थ्री’ पुन्हा बोलपट म्हणून केला. त्यात शब्दभ्रमकार, म्हातारी, पोपट, बाहुला आणि एक मुलगी असे पाच आवाज त्याने काढले आणि ते माझेच आहेत असं शपथपत्रही दिलं. नाटकाची वर्षं इथेही उपयोगी पडली. चित्रपट जुलैमध्ये लागला, ऑगस्टमध्ये तो गेला. त्याचा हा एकमेव बोलपट.

मृत्यू कशाने झाला? चित्रीकरणातल्या खोट्या बर्फाचा कण घशात अडकल्याने?

श्वासनलिकेच्या-फुप्फुसाच्या कर्करोगाने; शेवटी घशात रक्तस्राव झाला. वय ४७. तो सिगारेटी भरपूर ओढायचा. बर्फाची गोष्ट रंगतदार आहे, पण कर्करोग तसा होत नसतो. ग्लेंडेलच्या फॉरेस्ट लॉनमध्ये त्याची जागा आहे, तिच्यावर नाव नाही.

लॉन चेनी ज्युनियर तो हाच का?

नाही, तो मुलगा, क्रेटन. १९४१ मधला लांडगामानव त्याचा. स्वतःच्या नावाने काम मिळेना म्हणून वडिलांचं नाव घेतलं. ऑनलाइन याद्यांत दोघांची छायाचित्रं सर्रास मिसळलेली असतात.

त्याचे किती चित्रपट उरलेत?

दीडशेच्या वर केले, त्यातले साधारण शंभर गेले. युनिव्हर्सलचे सुरुवातीचे लघुपट जवळपास सगळेच. नायट्रेट फिल्म आपोआप सडते, पेटते, आणि बोलपट आल्यावर मूकपट म्हणजे गोदामातली अडगळ झाली. युनिव्हर्सलने १९४८ मध्ये उरलेला मूकपटांचा साठा स्वतःच नष्ट केला. म्हणून ‘हंचबॅक’ आज फक्त १६ मिलिमीटरच्या, घरगुती भाड्याने द्यायच्या प्रतींवरून पाहायला मिळतो. तो धूसर दिसला तर दोष तुमच्या पडद्याचा नाही. ‘राजा हरिश्चंद्र’चीही काही रिळंच उरलेल्या आपल्या वाचकांना हे दुःख ओळखीचं आहे.

‘लंडन आफ्टर मिडनाइट’ (१९२७) सगळ्यात जास्त शोधला जाणारा हरवलेला चित्रपट. शेवटची ज्ञात प्रत एमजीएम स्टुडिओच्या गोदामाच्या आगीत गेली. २००२ मध्ये स्थिरचित्रांवरून त्याची सुमारे पाऊण तासाची मांडणी झाली. ऑनलाइन ‘पूर्ण चित्रपट’ म्हणून जे फिरतं ते बहुधा हेच. उलट ‘द अननोन’ पॅरिसच्या सिनेमातेक या चित्रपट-संग्रहालयात सापडला. डब्यांवर ‘अज्ञात’ लिहिलेलं, आणि तसे डबे तिथे ढीगभर. चित्रपटाचं नावच ते आहे हे कुणाच्या लक्षात यायला वर्षं गेली.

पाहायला सुरुवात कुठून करू? कुठली प्रत घ्यावी?

‘द अननोन’पासून. जेमतेम तासाभराचा आहे, चेहरा उघडा आहे आणि शेवटाकडे एक प्रसंग आहे जिथे त्याला कळतं की आपण केलेला भयंकर त्याग फुकट गेला. हसता हसता चेहरा फाटत जातो. मग ‘ही हू गेट्स स्लॅप्ड’ (१९२४), मग ‘द पेनल्टी’, मग ‘फँटम’. क्वासिमोडो शेवटी ठेवा, म्हणजे कुबडाखालचा माणूस दिसेल.

‘फँटम’च्या दोन आवृत्त्या फिरतात: १९२५ची मूळ, लांब पण १६ मिलिमीटरवरची धूसर, आणि आवाजाच्या जमान्यात १९२९च्या सुमारास पुन्हा जुळवलेली, आखूड पण स्वच्छ. बहुतेक ठिकाणी दुसरी असते. तिची लांबी बघा. सेकंदाला २० चौकटींनी चालवली तर ती सुमारे ९२ मिनिटं भरते, २४ ने चालवली तर ७८ च्या आसपास. ७८ वाल्या प्रतीत माणसं किंचित घाईत वाटतील. मुखवटा खेचायच्या प्रसंगात ही घाई नडते, म्हणून मिळाली तर ९२ मिनिटांची घ्या. मुखवट्यांच्या नाचाचा भाग रंगीत दिसला तर कुणी नंतर रंगवलाय असं समजू नका, ते तेव्हाचंच दोन रंगांचं टेक्निकलर आहे.

सोसायटीत किंवा फिल्म क्लबमध्ये दाखवायला परवानगी लागते का?

भारतीय कायद्यात चित्रपटाचा कॉपीराइट प्रदर्शनानंतर ६० वर्षं, त्यामुळे मूळ चित्रपटाला अडचण नाही. पण नव्या डिस्कवरचं संगीत आजचं असतं आणि त्याचे हक्क वेगळे असतात. सोपा मार्ग: आवाज बंद करा आणि ओळखीतल्या पेटीवाल्याला बसवा. त्याला आदल्या दिवशी चित्रपट एकदा दाखवून ठेवा, आणि मुखवटा निघतो त्या क्षणी काहीही वाजवू नको असं बजावा.